मारेगावच्या घराला एअर प्युरिफायर हवा का? फिल्टर, वीज आणि पाच वर्षांच्या खर्चाचा हिशेब

मारेगाव : हिवाळा लागला की मोबाईलवर हवा शुद्ध करणाऱ्या यंत्रांच्या जाहिराती सुरू होतात. घरात दम्याचे आजोबा असतील किंवा रात्रभर खोकणारं लेकरू असेल, तर अशी जाहिरात पाहून मन लगेच तयार होतं. यंत्राची किंमत पाच-सहा हजारांपासून सुरू होऊन तीस हजारांच्याही पुढे जाते. शेतमालाच्या भावावर ज्यांचं वर्ष अवलंबून आहे, त्यांच्यासाठी ही रक्कम लहान नाही. शिवाय खर्च खरेदीवर थांबत नाही. दरवर्षी फिल्टर आणि दरमहा वीज लागतेच.

त्यामुळे यंत्र घ्यावं का, घेतलं तर कोणतं घ्यावं, ते किती वीज खाईल आणि त्याच्याआधी बिनपैशाचं काय करता येईल, याची माहिती मारेगाव तालुक्यातली घरं, इथला हंगाम आणि इथली धूळ डोळ्यांसमोर ठेवून येथे देत आहोत.

आपल्या हवेत नेमकं काय असतं?

मारेगाव तालुक्यात मोठे कारखाने नाहीत, पण शेजार कोळशाचा आहे. वणी तालुक्यात वेस्टर्न कोलफिल्ड्सच्या खाणी आहेत, मुकुटबनकडे सिमेंट कारखाना आहे आणि त्यापलीकडे चंद्रपूर. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाने २००९ मध्ये देशातल्या औद्योगिक पट्ट्यांना प्रदूषणाचे गुण दिले, तेव्हा चंद्रपूरला ८३.८८ गुण मिळाले होते आणि त्याची गणना देशातल्या सर्वांत प्रदूषित पट्ट्यांत झाली होती. २०१९ मध्ये सुरू झालेल्या राष्ट्रीय स्वच्छ हवा कार्यक्रमात विदर्भातून नागपूर, अमरावती, अकोला आणि चंद्रपूर ही शहरं आहेत.

मारेगावच्या घरातली बरीचशी घाण मात्र जवळूनच येते. वणी-करंजी रस्त्यावरची वाहनांची धूळ, ऑक्टोबरात सोयाबीन आणि जानेवारी-फेब्रुवारीत तूर काढताना थ्रेशरचा उडणारा भुसा, जिनिंगच्या आजूबाजूला तरंगणारे कापसाचे तंतू, उन्हाळ्याच्या तोंडावर वावरात पेटवलेल्या पऱ्हाट्या, अंघोळीच्या पाण्यासाठी पेटणारी चूल, संध्याकाळी कचऱ्याला लावलेली काडी आणि घरातल्या डासांच्या कॉईलचा व उदबत्तीचा धूर. हे सगळं एकाच हवेत मिसळतं.

हिवाळ्यात हा त्रास वाढतो. रात्री जमीन लवकर थंड होते, तिच्यालगतची हवा थंड आणि जड होऊन खालीच बसते. वर ऊबदार हवेचं झाकण असल्यासारखं होतं. त्यामुळे संध्याकाळचा आणि पहाटेचा धूर वर न जाता गावावरच पसरून राहतो. दुपारी ऊन तापलं की हे झाकण सुटतं.

धूळ वेगळी, धूर वेगळा

फिल्टर घेताना सगळ्यात जास्त फसगत इथे होते. हवेतल्या कणांचं माप मायक्रॉनमध्ये मोजतात. माणसाचा केस साधारण ५० ते ७० मायक्रॉन जाड असतो. १० मायक्रॉनपर्यंतच्या कणांना पीएम १० म्हणतात आणि २.५ मायक्रॉनपर्यंतच्या कणांना पीएम २.५.

रस्त्याची माती, कोळशाची भुकटी आणि थ्रेशरचा भुसा यांत मोठे कण जास्त असतात. शांत हवेत १० मायक्रॉनचा कण माणसाच्या छातीच्या उंचीवरून साधारण आठ-दहा मिनिटांत जमिनीवर येऊन बसतो. २.५ मायक्रॉनच्या कणाला त्याच प्रवासाला दोनेक तास लागतात, तर १ मायक्रॉनचा कण अर्धा दिवस तरंगत राहतो. चुलीचा, पऱ्हाटीचा, कॉईलचा आणि गाड्यांचा धूर प्रामुख्याने याच बारीक कणांचा असतो. हे कण नाकात न अडकता थेट फुप्फुसात खोलवर जातात.

याचा अर्थ सरळ आहे. जी धूळ टेबलावर, टीव्हीवर आणि फरशीवर दिसते, ती यंत्रापर्यंत पोहोचायच्या आधीच खाली बसलेली असते. तिच्यासाठी ओलं फडकं आणि पोछाच लागतो. यंत्राचा उपयोग आहे तो डोळ्यांना न दिसणाऱ्या बारीक कणांसाठी. "यंत्र लावलं तरी धूळ बसतेच," अशी तक्रार अनेक जण करतात, तिचं कारण हेच आहे.

भारतात पीएम २.५ ची ठरवून दिलेली मर्यादा २४ तासांच्या सरासरीसाठी एका घनमीटरमागे ६० मायक्रोग्रॅम आणि वर्षाच्या सरासरीसाठी ४० मायक्रोग्रॅम आहे. जागतिक आरोग्य संघटनेची २०२१ ची शिफारस याहून बरीच कडक आहे : २४ तासांसाठी १५ आणि वर्षासाठी ५.

यंत्राआधी ही सहा कामं करा

घरातच धूर तयार होत असेल तर महागडं यंत्रही हरतं. फुटलेल्या टाकीत पाणी भरत राहण्यासारखं ते आहे. म्हणून आधी हे बघा :

१. चूल घराबाहेर. स्वयंपाक गॅसवर होत असला तरी अंघोळीचं पाणी अनेक घरांत अजूनही सरपणावरच तापतं. ही चूल माजघराच्या किंवा झोपायच्या खोलीच्या खिडकीखाली असेल तर ती हलवा. सोलर वॉटर हीटर परवडत असेल तर धुराचा मोठा स्रोतच बंद होतो.

२. स्वयंपाकघरात एक्झॉस्ट पंखा. फोडणीच्या धुरातही बारीक कण भरपूर असतात. पंखा ओट्याच्या वरच्या बाजूला, हवा बाहेर फेकणारा हवा. तो सुरू असताना समोरचं दार किंवा खिडकी थोडी उघडी ठेवा, नाहीतर आत हवाच येणार नाही आणि पंखा नुसता फिरत राहील.

३. कॉईलऐवजी मच्छरदाणी. बंद खोलीत रात्रभर जळणारी कॉईल म्हणजे उशाशी ठेवलेला धूर. मच्छरदाणीला वीज लागत नाही, फिल्टर लागत नाही आणि ती वर्षानुवर्षं टिकते.

४. झाडू आधी नाही, ओलं फडकं आधी. कोरड्या झाडूने बसलेली धूळ पुन्हा उडते. दम्याचा रुग्ण घरात असेल तर झाडताना त्याला बाहेर बसवा आणि नंतर पोछा मारा.

५. खिडक्यांची वेळ बदला. हिवाळ्यात पहाटे आणि दिवे लागणीनंतर खिडक्या बंद, दुपारी बारा ते चार उघड्या. यासाठी एक रुपयाही लागत नाही.

६. पऱ्हाटी आणि कचरा पेटवू नका. पऱ्हाटीची यंत्राने कुट्टी करून ती वावरातच मुरवता येते. आपल्या घरातला फिल्टर शेजाऱ्याने पेटवलेल्या ढिगाशी लढत असेल, तर दोघांचंही नुकसान आहे.

ही कामं केल्यावरही घरात कुणाला त्रास होत असेल तर यंत्राचा विचार करावा. त्याआधी डॉक्टरांना दाखवणं गरजेचं आहे. प्युरिफायर म्हणजे औषध नव्हे. दम्याचा पंप यंत्राच्या भरवशावर बंद करू नये.

कोणत्या घराला उपयोग, कोणत्या घराला नाही?

यंत्र बंद खोलीतलीच हवा पुन्हा पुन्हा गाळतं. म्हणून घर कसं बांधलं आहे, यावर बरंच काही ठरतं.

कवेलूचं छत असेल किंवा टिन आणि भिंतीमध्ये वीतभर फट असेल, तर बाहेरची हवा सतत आत येत राहते. अशा खोलीत यंत्र चालवणं म्हणजे वीज आणि फिल्टर दोन्ही वाया. आधी फटी बुजवा, छताखाली सीलिंग करून घ्या, मग बघा. स्लॅबच्या घरात, दार-खिडक्या नीट लागणाऱ्या एका खोलीत मात्र यंत्राचा चांगला उपयोग होतो.

दुसरी गोष्ट कूलरची. विदर्भात एप्रिल ते जून कूलरशिवाय निभत नाही. कूलर बाहेरची हवा आत ढकलतो आणि ती जाण्यासाठी समोरची खिडकी उघडी ठेवावीच लागते. त्या दिवसांत प्युरिफायर चालवून काहीच हाती लागत नाही. पावसाळ्यात पाऊस हवेतली बरीच धूळ खाली आणतो. म्हणजे मारेगावात यंत्राची खरी गरज नोव्हेंबर ते फेब्रुवारी, साधारण १२० दिवसांची असते. बारा महिने चोवीस तास चालवायची गरज नाही, हे ध्यानात ठेवलं तर अर्धा खर्च तिथेच वाचतो.

तिसरी गोष्ट, पूर्ण घरासाठी यंत्र घेऊ नका. जो आजारी आहे, म्हातारा आहे किंवा लहान आहे, त्याच्या झोपायच्या खोलीपुरतं घ्या. माणूस रात्री सात-आठ तास त्याच एका हवेत श्वास घेतो.

फिल्टरचे प्रकार सोप्या भाषेत

प्री-फिल्टर : सगळ्यात बाहेरची जाळी. केस, तंतू, मोठी धूळ अडवते. धुता येणारी जाळी असलेलंच यंत्र घ्या. कापसाच्या भागात ती लवकर भरते.

हेपा फिल्टर : घड्या घातलेल्या अतिशय बारीक तंतूंचा थर. ०.३ मायक्रॉनचे कण पकडणं सगळ्यात कठीण असतं, म्हणून कसोटी त्याच मापावर लावतात. अमेरिकी व्याख्येप्रमाणे त्या मापाचे ९९.९७ टक्के कण अडले तरच त्याला हेपा म्हणतात. युरोपीय पद्धतीत एच १३ दर्जासाठी ९९.९५ टक्के लागतात. खोक्यावर "हेपा टाईप" किंवा "हेपासारखा" असं लिहिलेलं असेल तर तो हेपा असेलच असं नाही. दर्जाचा आकडा मागा.

कार्बन फिल्टर : वास आणि काही वायू शोषतो. त्यात कार्बनचे दाणे किती वजनाचे आहेत यावर सगळं अवलंबून. काळा रंग दिलेली पातळ जाळी थोड्याच दिवसांत निकामी होते. मुख्य त्रास धुळीचा-धुराचा असेल तर कार्बनसाठी जास्तीचे पैसे मोजू नका.

आयोनायझर आणि विजेवर कण खेचणाऱ्या पट्ट्या : यांत फिल्टर बदलावा लागत नाही, पट्ट्या धुता येतात, वीजही कमी लागते. त्यामुळे "पर्यावरणपूरक" म्हणून ही यंत्रं विकली जातात. पण यांतली काही यंत्रं ओझोन वायू तयार करतात आणि ओझोन दम्याच्या रुग्णाला घातक असतो. अमेरिकेतल्या कॅलिफोर्निया राज्यात घरगुती यंत्रांना ओझोनची मर्यादा ०.०५० पीपीएम ठरवलेली आहे. मर्यादेत असल्याचा कागद नसेल तर आयोनायझर बंद करायचं बटण तरी यंत्रावर हवं. "ओझोनने हवा शुद्ध करतो" असं सांगणारं यंत्र घरात आणूच नका.

खोलीच्या मापाने यंत्र निवडा

कंपनी खोक्यावर "४०० चौरस फुटांसाठी" असं लिहिते. हा आकडा बाजूला ठेवा आणि सीएडीआर विचारा. यंत्र तासाला किती घनमीटर स्वच्छ हवा देतं, तो आकडा म्हणजे सीएडीआर. खोलीतली हवा तासाला निदान पाच वेळा गाळली जाईल, इतकी ताकद यंत्रात हवी.

हिशेब असा करा. खोली १० फूट रुंद, १२ फूट लांब आणि १० फूट उंच आहे. म्हणजे १,२०० घनफूट. एका घनमीटरमध्ये ३५.३ घनफूट असतात, म्हणजे खोली झाली ३४ घनमीटर. त्याला पाचने गुणा : १७०. या खोलीला निदान १७० सीएडीआरचं यंत्र हवं.

आता एक मेख. खोक्यावरचा सीएडीआर सगळ्यात जोरात चालणाऱ्या पंख्याचा असतो. त्या वेगात यंत्राचा आवाज इतका येतो की रात्री कुणी ते चालू ठेवत नाही. वेग कमी केला की सीएडीआरही पडतो. म्हणून १७० ची गरज असेल तर २५० ते ३०० चं यंत्र घ्या आणि मधल्या वेगावर चालवा. यात वीजही वाचते. पंख्याचा वेग निम्मा केला तर हवा साधारण निम्मी होते, पण वीज निम्म्याहून बरीच कमी लागते. लहान यंत्र जोरात पळवण्यापेक्षा मोठं यंत्र सावकाश चालवणं स्वस्त पडतं.

वीज किती लागते?

वीज-बचतीची तुलना करायची सोपी पद्धत : सीएडीआरला वॅटने भागा. २५० सीएडीआर आणि ५० वॅट असेल तर एका वॅटमागे ५ घनमीटर. तेवढाच सीएडीआर ३० वॅटमध्ये मिळत असेल तर ८.३. आकडा जितका मोठा तितकं यंत्र काटकसरी. बीएलडीसी मोटर असलेली यंत्रं सहसा यात पुढे असतात.

रोज १० तास, १२० दिवस, म्हणजे एका हंगामात १,२०० तास. ५० वॅटचं यंत्र त्यात ६० युनिट खाईल आणि ३० वॅटचं ३६ युनिट. युनिटमागे १० रुपये धरले तर ६०० आणि ३६० रुपये. फरक वर्षाला २४० रुपयांचा. तुमच्या महावितरणच्या बिलावर जो दर पडतो तो घालून हाच हिशेब पुन्हा करा. घराचा एकूण वापर वरच्या टप्प्यात जात असेल तर शेवटच्या युनिटचा दर जास्त लागतो, हेही बघा.

एक छुपा खर्च लक्षात येत नाही. बटण बंद केलं तरी प्लग लावलेला असेल तर डिस्प्ले आणि वाय-फायसाठी वीज जात राहते. दोनच वॅट धरले तरी वर्षाला साडेसतरा युनिट होतात. ३० वॅटच्या यंत्राच्या अख्ख्या हंगामाच्या जवळपास निम्मे! होळी झाली की प्लग काढून यंत्र झाकून ठेवा.

लोडशेडिंगची काळजी असेल तर कमी वॅटचं यंत्र इन्व्हर्टरवरही चालतं. ३० वॅट म्हणजे एका बीएलडीसी छतपंख्याइतकाच भार. प्रधानमंत्री सूर्यघर योजनेतून छतावर सोलर बसवलेलं असेल, तर यंत्राची वीज त्यातच निघून जाईल. पण फक्त प्युरिफायरसाठी सोलर बसवायची गरज नाही, इतका त्याचा वापर थोडा आहे.

खरा खर्च फिल्टरचा : पाच वर्षांचा हिशेब

वरच्या आकड्यांवरून दिसेल की वीज हा मोठा खर्च नाही. खिसा रिकामा होतो तो फिल्टरने. समजण्यासाठी दोन काल्पनिक यंत्रं घेऊ.

यंत्र क : किंमत ७,००० रुपये. फिल्टर ३,००० रुपयांचा आणि दरवर्षी बदलावा लागतो, म्हणजे पाच वर्षांत चार वेळा : १२,०००. वीज वर्षाला ६०० प्रमाणे ३,०००. एकूण २२,००० रुपये.

यंत्र ख : किंमत १०,००० रुपये. धुता येणारी प्री-फिल्टर जाळी असल्याने २,००० रुपयांचा फिल्टर दोन हंगाम चालतो, म्हणजे दोन वेळा : ४,०००. वीज वर्षाला ३६० प्रमाणे १,८००. एकूण १५,८०० रुपये.

दुकानात तीन हजारांनी स्वस्त वाटलेलं यंत्र पाच वर्षांत ६,२०० रुपयांनी महाग पडलं. कचऱ्यातही एकाचे चार फिल्टर गेले आणि दुसऱ्याचे दोन. टिकाऊपणा आणि काटकसर इथे एकाच वाटेने जातात.

फिल्टर किती तास चालतो हे विचारा, किती महिने ते नको. ३,००० तासांचा फिल्टर रोज १० तासांच्या वापरात अडीच हंगाम जाईल. पण धूळ जास्त असेल तर तो त्याआधी भरेल. काही यंत्रांचा "फिल्टर बदला" दिवा फक्त तास मोजून लागतो, फिल्टर खरंच भरला की नाही हे त्याला कळत नाही. दिवा लागला तरी आधी फिल्टर काढून डोळ्यांनी बघा.

घरच्या पंख्याला फिल्टर लावता येतो का?

येतो. २०२० मध्ये अमेरिकेत रिचर्ड कॉर्सी आणि जिम रोझेन्थल यांच्या नावाने एक साधं खोकं प्रसिद्ध झालं. चार बाजूंना चार चौकोनी फिल्टर, वर एक पंखा आणि सांध्यांना चिकटपट्टी. त्यात मर्व्ह १३ दर्जाचे फिल्टर वापरतात. हा दर्जा ०.३ ते १ मायक्रॉनचे निदान निम्मे कण एका फेरीत अडवतो. हेपापेक्षा तो कमी, पण फिल्टरचं क्षेत्रफळ मोठं असल्याने हवा भरपूर जाते आणि एकूण काम चांगलं होतं.

आपल्याकडे असा फिल्टर सहज मिळत नाही, तो नागपूरहून किंवा ऑनलाइन मागवावा लागतो. पंखा आणि फिल्टरची किंमत जोडून बघा, काही वेळा तयार यंत्राइतकाच खर्च येतो. शिवाय एकाच लहान घट्ट फिल्टरला पंखा जोडला तर हवा अडते आणि मोटर तापते. असं जुगाड झोपेत सुरू ठेवू नये. वायर उघडी नको आणि लेकरांची बोटं पात्यापर्यंत जायला नकोत.

यंत्र कुठे ठेवायचं, कसं चालवायचं?

- भिंतीपासून निदान फूटभर अंतर सोडा. पलंगाखाली, पडद्यामागे, कपाटाच्या सांदीत ठेवू नका.
- रुग्णाच्या उशापासून जवळ, पण थंड झोत अंगावर येणार नाही असं ठेवा.
- झोपायच्या अर्धा तास आधी दार-खिडक्या लावून जोरात चालवा, नंतर मधला वेग.
- छतपंखा हळू सुरू राहिला तर हवा खोलीभर फिरते.
- दर पंधरवड्याला प्री-फिल्टर साध्या पाण्याने धुऊन सावलीत पूर्ण वाळवा. थ्रेशरच्या आणि कापसाच्या दिवसांत दर आठवड्याला.
- हेपा फिल्टर धुऊ नका. पाण्याने त्याचे तंतू बिघडतात. "धुता येणारा" असं कंपनीने लेखी दिलं असेल तरच धुवा.
- नवीन फिल्टरवर प्लॅस्टिकची पिशवी असते. ती काढायला विसरलात तर यंत्र नुसतं गुरगुरत राहील.

जुना फिल्टर कुठे टाकायचा?

हेपा फिल्टर काचतंतूंचा किंवा प्लॅस्टिकच्या तंतूंचा असतो आणि पुठ्ठ्याला किंवा प्लॅस्टिकच्या चौकटीला चिकटवलेला असतो. त्याचा पुनर्वापर जवळपास होत नाही. तो जाळू नका आणि उकिरड्यावर टाकू नका, तिथून तो खतासोबत वावरात जाईल. घराबाहेर नेऊन, तोंडाला रुमाल बांधून, पिशवीत घट्ट बांधा आणि सुक्या कचऱ्यात द्या. यंत्रच बंद पडलं तर ते ई-कचऱ्यात मोडतं. केंद्राचे २०२२ चे ई-कचरा नियम १ एप्रिल २०२३ पासून लागू आहेत आणि त्यांत उत्पादकांवर जुनी यंत्रं ठरलेल्या प्रमाणात पुनर्वापराला लावण्याची जबाबदारी आहे. जुनं यंत्र परत घेता का, हे खरेदीच्या वेळीच विचारून ठेवा.

ज्यापासून फिल्टर वाचवत नाही

शेगडीचा विषारी वायू. थंडीत बंद खोलीत निखाऱ्याची शेगडी ठेवून झोपण्याची सवय जिवावर बेतते. निखाऱ्यातून निघणाऱ्या कार्बन मोनॉक्साईडला रंग नाही, वास नाही. हेपा आणि साधा कार्बन, दोन्ही त्याला अडवू शकत नाहीत. यंत्र सुरू आहे या भरवशावर खोली बंद करून शेगडी ठेवू नका.

कीटकनाशकं. २०१७ च्या खरीप हंगामात यवतमाळ जिल्ह्यात फवारणीच्या विषबाधेने वीसहून अधिक शेतकरी-शेतमजुरांचा जीव गेला आणि शेकडो जणांना रुग्णालयात दाखल करावं लागलं. औषधाचे डबे आणि फवारणी पंप झोपायच्या खोलीत ठेवून वर प्युरिफायर लावणं, हा उपाय नाही. डबे घराबाहेर, कुलपात आणि मुलांच्या हाताबाहेर ठेवा. फवारणीचे कपडे घरात आणू नका.

कोंदट हवा आणि ओल. यंत्र ऑक्सिजन तयार करत नाही. बंद खोलीत चार-पाच माणसं झोपत असतील तर थोडी हवा येऊ द्यावीच लागते. भिंतीला ओल असेल तर आधी गळती काढा.

नेहमी विचारले जाणारे प्रश्न

*घरात झाडं लावली तर यंत्र लागणार नाही का?*
झाडं लावा, पण हवा गाळण्यासाठी नाही. १९८९ मध्ये अमेरिकेच्या नासा संस्थेच्या प्रयोगानंतर हा समज पसरला. तो प्रयोग लहान बंद पेटीतला आणि वायूंपुरता होता. २०१९ मध्ये जुन्या अभ्यासांची पुन्हा मांडणी झाली, तेव्हा उघड्या खिडकीइतका परिणाम मिळवायला दर चौरस मीटरला १० ते १,००० झाडं लागतील असं दिसलं.

*एसी आहे, मग वेगळा फिल्टर कशाला?*
साध्या एसीची जाळी मोठी धूळ अडवते. बारीक धूर तिच्यातून निघून जातो.

*कूलरची ओली ताटी हवा गाळते ना?*
मोठी धूळ काही प्रमाणात अडते, धूर नाही. जुन्या ताटीला बुरशी येते, म्हणून ती दर हंगामाला बदला.

*यंत्र काम करतं हे कसं ओळखायचं?*
पीएम २.५ मोजणारं छोटं यंत्र दोन-चार घरांनी मिळून घेता येतं. खोली बंद करून एक उदबत्ती लावा, आकडा वर गेला की विझवा आणि प्युरिफायर सुरू करा. खोलीच्या मापाचं यंत्र अर्ध्या तासात आकडा ठळकपणे खाली आणतं. दमट हवेत आणि धुक्यात हे छोटे मापक जास्त आकडा दाखवतात, तेवढं लक्षात ठेवा.

दुकानदाराला विचारायचे सात प्रश्न

१. सीएडीआर किती, आणि मधल्या वेगावर किती?
२. वॅट किती, मोटर बीएलडीसी आहे का?
३. हेपाचा दर्जा कोणता?
४. फिल्टरची किंमत किती, किती तास चालतो, आणि तो वणी, यवतमाळ किंवा नागपूरला मिळतो का?
५. प्री-फिल्टर धुता येतो का?
६. आयोनायझर आहे का, असेल तर बंद करता येतो का?
७. दुरुस्ती कुठे होते आणि मोटरची वॉरंटी किती वर्षांची?

चौथ्या प्रश्नाचं उत्तर नीट मिळालं नाही तर यंत्र घेऊ नका. फिल्टर मिळेनासा झाला की दहा हजारांचं यंत्रही नुसता टेबलफॅन उरतो. आणि घरात कुणाला धाप लागत असेल, छातीत घरघर होत असेल किंवा खोकला दोन आठवड्यांच्या वर टिकला असेल, तर दुकानाच्या आधी मारेगावचं ग्रामीण रुग्णालय गाठा.